एका फेरीत एकच दालन

रविवारी सकाळी अण्णा आम्हा भावंडांना कमाटीबागेत न्यायचे. दांडिया बाजारातून निघायचं, कोठीवरून काळ्या घोड्यापर्यंत चालत जायचं आणि तिथून बागेत शिरायचं. पाटीवर तिचं नाव सयाजीबाग आहे, पण आम्ही बडोदेकर अजूनही कमाटीबागच म्हणतो. बागेत झुकझुक गाडी होती, पिंजऱ्यातले वाघ होते, पण अण्णांच्या क्रमात पहिलं यायचं ते म्युझियम. आणि तिथे त्यांचा एक नियम होता: एका फेरीत एकच दालन.

एक अख्खा रविवार आम्ही देवमाशाच्या सांगाड्यासाठी दिला. १९४४ साली मही नदीच्या मुखाशी वाहून आलेला तो ७२ फुटी देवमासा. अण्णांनी आम्हाला शेपटीपासून जबड्यापर्यंत पावलं मोजत चालवलं आणि परत उलटं चालवलं. दुसऱ्या एका रविवारी फक्त ममी. तेव्हा मी आठ वर्षांची असेन. काचेपाशी जायला घाबरत होते, म्हणून अण्णा दाराशीच माझ्याबरोबर उभे राहिले आणि माझं मी ठरवून चार पावलं पुढे जाईपर्यंत एक शब्द बोलले नाहीत. धाकटा भाऊ पुढच्या दालनाकडे ओढायला लागला की म्हणायचे, “पुढच्या रविवारी. म्युझियम कुठे पळून चाललंय का?”

ते एका पेढीवर हिशेबनीस होते. चित्रकलेचं शिक्षण त्यांनी घेतलं नव्हतं. पण दिवसभर आकड्यांच्या रांगा पाहणारा तो माणूस एकेका वस्तूसमोर ज्या पद्धतीने उभा राहायचा, तसं उभं राहणं मी पुढे फार थोड्यांत पाहिलं.

हे सगळं आठवायचं कारण, गेल्या वर्षी मी एकटी पॅरिसला लूव्र पाहायला गेले.

लूव्रला तशी मी आधी एकदा जाऊन आले होते, २०१२ साली, एका सहल कंपनीबरोबर. बारा दिवसांत सात देश. लूव्रच्या वाट्याला दीड तास आला होता. त्यातली वीस मिनिटं माणसं मोजण्यात आणि स्वच्छतागृहाच्या रांगेत गेली. उरलेल्या वेळात आम्ही वर धरलेल्या एका लाल छत्रीमागे धावलो. मोनालिसा कशी दिसली, हे घरी आल्यावर मला सांगता येईना. पुढच्या बाईच्या पाठीवरच्या सॅकचा निळा रंग मात्र आजही आठवतो. त्या रात्री हॉटेलात मला रडू आलं होतं. आयुष्यात एकदाच जी संधी येते असं वाटतं, ती माझ्या हातात ठेवून लगेच काढून घेतली गेली होती.

आता भाची ब्रसेल्सला असते. तिथून पॅरिसची गाडी दीड तासाच्या आत पोचते. “मावशी, मला सुट्टी नाही गं, पण तू एकटी जाऊन येशील?” तिने विचारलं, आणि मी हो म्हणून बसले.

तिकीट मी बडोद्यातूनच काढलं, महिनाभर आधी, अकोट्याच्या घरी जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप ठेवून. लूव्रच्या स्वतःच्या वेबसाइटवरून. तिथे दिवस निवडायचा (मंगळवारी म्युझियम बंद असतं) आणि मग अर्ध्या अर्ध्या तासाच्या खिडक्यांतली एक निवडायची. मी साडेनऊची घेतली. पहिल्यांदा मला वाटलं होतं की हे सिनेमासारखं असणार: साडेनऊला आत आणि दोन-तीन तासांनी बाहेर. नियम नीट वाचले तेव्हा कळलं की ती वेळ फक्त आत शिरण्याची आहे. एकदा आत गेलं की दार बंद होईपर्यंत तुम्ही तिथे राहू शकता. बुधवारी आणि शुक्रवारी तर रात्री नऊपर्यंत. फक्त एकदा बाहेर पडलं की त्याच तिकिटावर परत आत येता येत नाही. मी ते वाक्य दोनदा वाचलं. मला कोणी बाहेर काढणार नव्हतं! दीड तासाची ती लाल छत्री त्या क्षणी माझ्या डोक्यावरून उतरली.

तरीही मी चूक केलीच. मी यादी केली.

लूव्रमध्ये सुमारे ३५,००० वस्तू मांडलेल्या आहेत. प्रत्येकीसमोर अर्धा मिनिट थांबायचं म्हटलं तरी दिवसाचे चोवीस तास चालत राहून बारा दिवस लागतील. अण्णांचा नियम इथे लावायचा कसा? इथे पुढचा रविवार नव्हता. म्हणून मी वहीत तेवीस नावं लिहिली, प्रत्येकीपुढे विभागाचं नाव आणि दालनाचा क्रमांक. भाचीने ती वही पाहिली आणि काही बोलली नाही, फक्त डब्यात दोन जास्तीचे पराठे ठेवले.

साडेनऊच्या रांगेची पाटी वेगळी होती. तिकीट मोबाइलवर दाखवलं, सुरक्षा तपासणी झाली आणि मी काचेच्या पिरॅमिडखाली उतरले. वास्तुकार आय. एम. पेई यांचा हा पिरॅमिड १९८९ सालचा. जुन्या राजवाड्याच्या अंगणात काचेचा सुळका उभा केला म्हणून फ्रेंच लोक तेव्हा चिडले होते. खाली उभं राहून वर पाहिलं तर काचेतून राजवाड्याची कौलं दिसतात आणि सगळ्या दालनांकडे जाण्याचे रस्ते इथूनच फुटतात. दनों, स्युली आणि रिशलियो अशा तीन बाजू. एकदा ही तीन नावं डोक्यात बसली की तिथे हरवायला होत नाही.

राजाचा वाडा लोकांचा कसा झाला, हे मला लूव्रमध्ये सतत जाणवत राहिलं. १७९३ च्या १० ऑगस्टला हे म्युझियम उघडलं. राजाला त्याआधी जानेवारीत गिलोटिनवर चढवलं होतं. आमच्या बडोद्याची गोष्ट वेगळी आहे. सयाजीरावांनी स्वतः म्युझियम बांधलं आणि तेही आपल्या वाड्यात नाही तर सगळ्यांच्या बागेत. म्युझियमची इमारत १८९४ ची. मग तिच्या शेजारी चित्रशाळा बांधली, ती १९१४ मध्ये पुरी झाली. युरोपातली चित्रं निवडायला मॅरियन स्पीलमन हा इंग्रज समीक्षक नेमला होता. पण महायुद्ध पेटलं, चित्रं तिकडेच अडकली, आणि बांधून तयार असलेली चित्रशाळा १९२१ मध्ये उघडली. सात वर्षं रिकाम्या भिंती चित्रांची वाट पाहत होत्या. लहानपणी आम्ही ज्या म्युझियमच्या पायऱ्यांवर बसून सेव-उसळीचे बेत करायचो, ते एका राजाने कुणी न मागता दिलेलं होतं, याचं मोल मला लूव्रच्या अंगणात नव्याने कळलं.

पहिली भेट पंखांच्या विजयदेवतेची. जिन्याच्या अगदी माथ्यावर ती उभी आहे, दगडी जहाजाच्या नाळेवर. डोकं नाही, हात नाहीत, पण वारा आहे. वाऱ्याने वस्त्र पोटाला आणि मांड्यांना चिकटलेलं आहे आणि मागे फडफडतं आहे. १८६३ साली ग्रीसच्या सामोथ्राकी बेटावर ती तुकड्यातुकड्यांत सापडली. तिचा उजवा पंख मूळचा नाही. डाव्या पंखावरून प्लास्टरमध्ये उलटा घडवून लावलेला आहे. हे मला माहीत होतं, तरीही दोन्ही पंखांतला फरक कळेना. मी जिन्याच्या कठड्याला टेकून उभी राहिले आणि वर चढणारी माणसं तिच्यासमोर येताच आपोआप हळू होतात, ते पाहत राहिले. यादीवर पहिली खूण केली.

मग मोनालिसाचं दालन. तिच्यासाठी दोरखंडांनी आखलेली रांग आहे. काचेआडची ती ७७ बाय ५३ सेंटिमीटरची लाकडी फळी मी या वेळी नीट पाहिली. दोन मिनिटं मिळाली. तिच्या हातांवर मी नजर ठेवली, कारण गर्दीत सगळे चेहराच पाहत होते. उजवा हात डाव्या मनगटावर किती अलगद ठेवलाय! मग मागून हलकेच हालचाल सुरू झाली आणि मी बाजूला झाले.

बाजूला होऊन वळले तर समोर अख्खी भिंत व्यापून पंगत बसलेली.

इटालियन चित्रकार वेरोनेझेचं ‘काना गावातलं लग्न’ हे चित्र मोनालिसाच्या बरोबर समोर आहे, म्हणजे दालनातल्या बहुतेकांच्या पाठीशी. जवळजवळ दहा मीटर रुंद आणि पावणेसात मीटर उंच. बडोद्यात दोन खोल्यांचा फ्लॅट या कापडात बसेल. १५६२-६३ मध्ये व्हेनिसच्या एका मठाच्या भोजनगृहासाठी ते रंगवलं, म्हणजे जेवणाऱ्यांसमोर जेवणावळ. १७९७ मध्ये नेपोलियनच्या सैन्याने ते काढून पॅरिसला आणलं. गोष्ट बायबलमधली आहे: लग्नात द्राक्षाचं मद्य संपतं, यजमानांची लाज जाणार असते, आणि येशू पाण्याचं मद्य करतो. पण चित्रकाराने रंगवलंय ते लग्नघर. आपल्याकडे पंगतीत श्रीखंड कमी पडलं की वधूपित्याच्या चेहऱ्यावर जे येतं, ते सगळं इथे आहे, पण कुजबुजीत. बरीच माणसं अजून खाण्यात रमलेली आहेत. मध्ये वादक बसलेत. कुत्री आहेत. नवरा-नवरी शोधायला मला वेळ लागला, ती अगदी डाव्या टोकाला आहेत. आणि उजव्या बाजूला, पिवळ्या कपड्यातला सेवक जिथे दगडी रांजण कलता करून ओततो आहे, तिथेच एक मांजर उताणं पडून रांजणावरच्या कोरीव मुखवट्याशी खेळतंय. चमत्कार घडतोय तो त्या मांजराच्या नाकासमोर, आणि त्याला पत्ताही नाही.

हे चित्र माझ्या यादीत नव्हतं.

त्यापुढचे दोन तास यादीचे होते आणि त्यांच्याबद्दल लिहिण्यासारखं थोडंच आहे. लाल भिंतींची दालनं, प्रचंड ऐतिहासिक चित्रं, मग इजिप्तचा बसलेला लेखनिक, ज्याचे स्फटिकाचे डोळे खरंच तुमच्याकडे बघतात. मग व्हीनस. एक वाजता अकरा खुणा झाल्या होत्या. पाय सुजल्यासारखे वाटत होते. मी एका बाकावर बसले, वही उघडली आणि पाचव्या खुणेचं चित्र आठवायचा प्रयत्न केला. ते मी दीड तासापूर्वी पाहिलं होतं. मला ते आठवेना. रंग नाही, आकार नाही, काही नाही.

समोर एक म्हातारे गृहस्थ घोडी मांडून एका चित्राची नक्कल करत होते. लूव्रमध्ये चित्रांच्या नकला करण्याची परवानगी जुन्या काळापासून आहे, आजही आहे, सकाळच्या वेळात. एक अट आहे: नक्कल मूळ मापाची असता कामा नये, लहान किंवा मोठी हवी. त्यांनी एका स्त्रीच्या बाहीच्या चुण्यांवर काम चालवलं होतं. ते मूळ चित्राकडे पाहायचे, मग बराच वेळ कॅनव्हासकडे, मग परत मूळ चित्राकडे, आणि मग ब्रशचा एक फटका. मी बसल्यापासून त्यांनी चार फटके मारले असतील. लहानपणी कमाटीबागेत फाइन आर्ट्सची मुलं वडाच्या मुळ्या अशीच काढत बसलेली असायची, आणि त्यांच्या मागे अण्णा, हातातली छत्री पाठीशी धरून, कितीतरी वेळ उभे असायचे. त्यांना घाई नव्हती. त्यांना परतायचंही होतं, पुढल्या आठवड्यात कचेरीही होती, पण त्या क्षणी घाई नव्हती.

मी वही पर्समध्ये घातली.

पुढचा रविवार मिळणार नव्हता हे खरं. पण उरलेला दिवस माझा होता, आणि तिकिटावर बाहेर पडायची वेळ लिहिलेली नव्हती. मी ठरवलं, आता एकच चित्र. उरलेल्या बारा नावांतून मी डच चित्रकार योहानेस व्हर्मेरची ‘लेस विणणारी’ निवडली. त्यामागे कारण होतं, ते पुढे सांगते.

त्यासाठी पुन्हा पिरॅमिडखाली उतरून रिशलियोच्या बाजूने दुसऱ्या मजल्यावर चढावं लागतं. तिथे चढताच जाणवतं की गर्दी खालीच राहिली. दालनाच्या कोपऱ्यात खुर्चीवर बसलेल्या बाईंना मी मोबाइलवर नाव दाखवलं, त्यांनी हसून बोट दाखवलं, आणि तरीही मी चित्रावरून पुढे निघून गेले, इतकं ते लहान आहे. २४ सेंटिमीटर उंच, २१ रुंद. ऑफिसच्या ए-फोर कागदाहून बुटकं.

पिवळ्या कपड्यातली एक मुलगी लेस विणायला वाकली आहे. रुंद पांढरी कॉलर, कानाजवळ केसांच्या बटा. मागे नुसती फिकट भिंत. प्रकाश उजवीकडून येतो आणि तिच्या कपाळावर आणि बोटांवर पडतो. बोटांत दोऱ्याच्या लाकडी कांड्या, आणि त्यांच्यातला ताणलेला दोरा इतका बारीक की तो रंगवला आहे की मला वाटतोय, हे मी जवळ जाऊन दोनदा पाहिलं. रंगवलाय. सगळं चित्र तिथे, त्या दोन बोटांमध्ये, स्पष्ट झालं आहे. आणि अगदी पुढे, आपल्या बाजूला, निळ्या उशीतून लाल आणि पांढरे दोरे बाहेर पडलेत, ते दोरे नाहीतच. ते ओघळलेला रंग आहे. लाल रंग मेजावर सांडल्यासारखा वाहतो. कारण जो एकाग्र होऊन समोरचं बारीक काम पाहतो, त्याला जवळचं सगळं धूसर दिसतं. व्हर्मेरने आपल्याला तिच्याकडे पाहायला लावलं आणि त्याच वेळी तिच्यासारखं पाहायलाही लावलं.

आई क्रोशाचे रुमाल विणायची. दुपारी दांडिया बाजारातल्या आमच्या घराच्या गॅलरीत, मुलं शाळेतून येण्याआधीच्या त्या तासाभरात. मी एकदा लवकर घरी आले होते आणि दारात उभी राहिले होते. तिला माझी चाहूल लागली नाही. मान वाकलेली, ओठ किंचित पुढे आलेले, सुई आत-बाहेर. तिचा तसा चेहरा मी आधी कधी पाहिला नव्हता. त्या चेहऱ्यात आम्ही कोणीच नव्हतो, स्वयंपाक नव्हता, अण्णांचा महिनाअखेर नव्हता. मी हाक न मारता जिन्यात जाऊन बसले. तिचा तो तास मोडू नये असं मला वाटलं. ती जाऊन अकरा वर्षं झाली. त्या दुपारबद्दल मी तिच्याशी कधी बोलले नाही.

या मुलीनेही मान वर केली नाही. सुमारे १६७० पासून केलेली नाही. मी तिच्यासमोर पाऊण तास होते. अधूनमधून कोणी येई, फोटो काढून जाई. एक शाळकरी मुलगा नाक जवळजवळ काचेला लावून उभा राहिला आणि रखवालदार बाईंनी त्याला हाताने मागे व्हायची खूण केली. मी पराठे खायचे विसरले होते हे मला चार वाजता लक्षात आलं.

सहाला दार बंद होणार होतं. मी पाचलाच निघाले. यादीतल्या अकरा वस्तू पाहायच्या राहिल्या, आणि मला त्यांची हळहळ वाटली नाही. बाहेर पडण्याच्या दारापाशी मात्र क्षणभर थांबले, कारण एकदा ते ओलांडलं की ते तिकीट संपणार होतं. रात्री ब्रसेल्सला पोचल्यावर भाचीने विचारलं, “किती पाहिलं, मावशी?” मी तिला मांजराबद्दल सांगितलं आणि लाल दोऱ्यांबद्दल सांगितलं. ते सांगता सांगता अकरा वाजले.

मी राहते त्या अकोट्यात १९५१ साली जमिनीतून जैन ब्राँझमूर्ती निघाल्या. ६८ मूर्ती. उमाकांत प्रेमानंद शहा यांनी त्यांचा अभ्यास करून त्या जगासमोर आणल्या. आता तिथे फ्लॅट आहेत, स्टेडियम आहे, आणि दांडिया बाजाराकडे जाणारा पूल आहे, जो मी रोज ओलांडते. मूर्ती कमाटीबागेतल्या म्युझियममध्ये आहेत. अण्णांबरोबर एका रविवारी मी त्या पाहिल्याही असतील. मला आठवत नव्हत्या.

परत आल्यानंतरच्या दुसऱ्या रविवारी मी गेले. काचेच्या कपाटात चामरधारिणी उभी आहे, आठव्या शतकातली. वीतभराहून थोडी मोठी असेल. उजव्या हातातली चवरी खांद्याशी आलेली, कमरेत थोडा बाक, नेसूचं वस्त्र पायांना लपेटलेलं आणि त्यावर बारीक नक्षी. ती ज्याच्यावर चवरी ढाळते तो देव तिच्याजवळ नाही. काम मात्र चाललं आहे. नजर कामावर आहे. मी काचेपाशी उभी राहिले आणि आधी तिची बोटं पाहिली.

बऱ्याच वेळाने रखवालदार काका जवळ आले. मी तिथेच उभी आहे म्हणून त्यांना वाटलं असावं की मला पुढचा रस्ता सापडत नाही.

“बेन, ममी आ बाजु छे,” त्यांनी हात करून दाखवलं.

“आवता रविवारे,” मी म्हटलं.